पोटाचं अस्तर म्हणजे पेरिटोनियम: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पेरिटोनियमबद्दल थेट कुणी विचारत नाही. विचारतात ते सोनोग्राफीच्या रिपोर्टमधल्या एखाद्या ओळीबद्दल, पोटात झालेल्या पाण्याबद्दल, ऑपरेशननंतर 'आतडी चिकटली' असं सांगितल्याबद्दल. असे सतत येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत, सोपे आधी आणि अडचणीचे नंतर. हे अस्तर स्वतःहून क्वचितच आजारी पडतं. बहुतेक वेळा आजार शेजारच्या अवयवाचा असतो आणि बोंब अस्तर मारतं. म्हणून बऱ्याच उत्तरांत 'मूळ कुठे आहे' हाच शोध दिसेल.

१. पेरिटोनियम म्हणजे नेमकं काय?

पोटाच्या पोकळीला आतून लागलेला पातळ, गुळगुळीत, ओलसर पडदा. मराठी पुस्तकांत त्याला उदरावरण म्हणतात. त्याचे दोन भाग. पोटाच्या भिंतीला आतून चिकटलेला तो भित्तीचा थर, आणि जठर, आतडी, यकृत, प्लीहा यांच्यावर चढलेला तो अवयवांचा थर. दोन्ही मिळून एकच सलग पडदा आहे. तो उलगडून पसरला तर मोठ्या माणसात साधारण दीड ते दोन चौरस मीटर भरेल, म्हणजे जवळपास अंगावरच्या कातडीएवढा. पृष्ठभागावर पेशींचा फक्त एक थर असतो. दोन थरांमधल्या फटीत थोडासा द्रव असतो, एरवी ५० मिलिलीटरपेक्षाही कमी.

पुरुषांत ही पिशवी पूर्ण बंद असते. स्त्रियांत बीजनलिकांची तोंडं तिच्यात उघडतात, म्हणून योनीमार्गातला जंतुसंसर्ग गर्भाशयातून वर चढून पोटाच्या पोकळीपर्यंत पोहोचू शकतो.

२. एवढ्या पडद्याचा उपयोग तरी काय?

पहिला उपयोग घसरण्याचा. आतडी सतत हलतात. त्या ओलसर थरामुळे ती एकमेकांना घासत नाहीत. दुसरा, द्रव शोषण्याचा. पोकळीतला द्रव एका जागी थांबत नाही, तो हळूहळू वर श्वासपटलाकडे (छाती आणि पोट यांमधल्या स्नायूच्या पडद्याकडे) सरकतो आणि तिथल्या सूक्ष्म छिद्रांतून लसीकावाहिन्यांत (लिम्फ वाहून नेणाऱ्या बारीक नळ्यांत) जातो. ओटीपोटातला पू कधीकधी यकृताच्या वर जाऊन साठतो, तो याच वाटेने.

तिसरा उपयोग मला सगळ्यात भारी वाटतो. जठरापासून खाली आतड्यांवर चरबीचा एक पदर लोंबत असतो, ओमेंटम. कुठे सूज आली, छिद्र पडलं, की हा पदर तिथे जाऊन चिकटतो आणि जागा बंद करायला बघतो. अपेंडिक्सला सूज येऊन काही दिवस गेले असतील, तर डॉक्टरांच्या हाताला उजव्या बाजूला गोळा लागतो. तो म्हणजे अपेंडिक्सभोवती गोळा झालेलं ओमेंटम आणि आतडी. अशा वेळी पुष्कळदा लगेच ऑपरेशन न करता आधी अँटिबायोटिक देतात, कारण शरीराने घातलेलं ते कुंपण मोडण्यात आतड्याला इजा होण्याचा धोका असतो. 'अपेंडिक्स आहे तरी ऑपरेशन का करत नाहीत?' या प्रश्नाचं उत्तर पुष्कळदा हेच असतं. लहान मुलांत हा पदर आखूड असतो, त्यामुळे त्यांच्यात अपेंडिक्स फुटलं तर संसर्ग भराभर पसरतो. तिथे थांबण्याला फार वाव नसतो.

३. रिपोर्टमध्ये 'रेट्रोपेरिटोनियल' लिहिलंय. म्हणजे गाठ पोटात नाही का?

पोटातच, पण अस्तराच्या मागे. असं समजा: आतडं म्हणजे गोधडी अंगाभोवती गुंडाळून झोपलेला माणूस. मूत्रपिंड मात्र त्याच गोधडीच्या खाली, जमिनीलगत सरकवलेल्या बोचक्यासारखं. वरून फक्त झाकलेलं. दोन्ही मूत्रपिंडं, स्वादुपिंडाचा बहुतेक भाग, ड्युओडेनमचा (लहान आतड्याच्या सुरुवातीचा) बराचसा भाग, मोठ्या आतड्याचा चढता आणि उतरता भाग, महाधमनी हे सगळे पडद्यामागचे. म्हणून स्वादुपिंडाच्या सुजेत कळ पाठीत जाते, आणि मुतखडा पाठीतून दुर्बीण घालून, पोटाची पोकळी न उघडता काढता येतो.

४. सोनोग्राफीत 'पीओडीमध्ये मिनिमल फ्री फ्लुइड' आलंय. काळजीचं आहे का?

मासिक पाळी चालू असलेल्या स्त्रीत आणि दुसरा काही त्रास नसताना, बहुधा नाही. पीओडी म्हणजे गर्भाशय आणि गुदाशय यांच्यामधला खळगा, पोकळीतली सगळ्यात खालची जागा. तिला जेम्स डग्लस या स्कॉटिश शरीररचनाशास्त्रज्ञाचं नाव आहे. बीज बाहेर पडताना थोडा द्रव सांडतो आणि तिथे साठतो.

पण पाळी चुकली असेल, पोटात दुखत असेल, चक्कर येत असेल, तर तोच 'थोडा द्रव' म्हणजे बीजनलिकेत राहिलेला गर्भ फुटून झालेला रक्तस्राव असू शकतो. तेव्हा त्याच दिवशी रुग्णालय गाठा. ताप आणि अंगावरून दुर्गंधीयुक्त पांढरं जात असेल तर संसर्गाचा विचार हवा. पुरुषात किंवा पाळी बंद झालेल्या बाईत असा द्रव दिसला तर कारण शोधावंच लागतं (प्रश्न १० पहा).

५. मुलाचं पोट दुखतं म्हणून सोनोग्राफी केली, 'मेसेंटेरिक नोड्स' निघाले. हा टीबी का?

आतड्यांना मागच्या भिंतीशी बांधून ठेवणारा अस्तराचा दुमडलेला पदर म्हणजे मेसेंटरी. त्यात लसीकाग्रंथी (लिम्फ नोड) असतातच. मुलांत सर्दी-खोकल्याच्या किंवा जुलाबाच्या विषाणूनेही त्या मोठ्या होतात, आणि आजच्या सोनोग्राफी मशीनवर निरोगी मुलातही पाच-सात मिलिमीटरच्या ग्रंथी सहज दिसतात. केवळ तेवढ्यावर सहा महिने एकेटी (टीबीची औषधं) सुरू करू नये. माझ्या मते आपल्याकडे हे गरजेपेक्षा बरंच जास्त होतं. वजन घटतंय, ताप हटत नाही, घरात टीबीचा रुग्ण आहे, ग्रंथी मोठ्या, एकमेकींना चिकटलेल्या किंवा मधोमध सडलेल्या आहेत, तर मात्र पुढच्या तपासण्या हव्यात.

६. साधी पोटदुखी आणि पेरिटोनायटिसची पोटदुखी यात फरक कसा ओळखायचा?

पेरिटोनायटिस म्हणजे या अस्तराला आलेली सूज. फरकाची किल्ली अस्तराच्या दोन थरांच्या नसांत आहे. अवयवांवरच्या थराला फक्त ताण कळतो, आणि तोही मोघम. 'बेंबीभोवती कुठेतरी दुखतंय' ही तक्रार त्याची. भित्तीच्या थराला कातडीसारख्याच नसा आहेत, त्यामुळे तो बोट ठेवून जागा दाखवतो. अपेंडिक्सचं दुखणं आधी बेंबीपाशी सुरू होतं आणि काही तासांनी उजवीकडे खाली स्थिरावतं, ते सूज भित्तीच्या थरापर्यंत पोहोचते तेव्हा.

मुतखड्याचा रुग्ण गडाबडा लोळतो, त्याला कुठल्याच कुशीवर चैन पडत नाही. पेरिटोनायटिसचा रुग्ण निपचित, गुडघे पोटाशी घेऊन पडतो, कारण हललं की दुखतं. खोकला आला, रिक्षा खड्ड्यात आदळली, कुणी खाटेला धक्का दिला तरी कळ उठते. पोट कडक होतं, दाबू देत नाही. पुढे उलट्या, पोटफुगी, गॅस-शौच बंद, कोरडी जीभ, जलद नाडी.

छिद्र पडलं असेल तर पुष्कळ रुग्ण दुखणं सुरू झाल्याची नेमकी वेळ सांगतात. आपल्याकडची नेहमीची कारणं म्हणजे जठराचा किंवा ड्युओडेनमचा अल्सर फुटणं (गुडघेदुखीच्या गोळ्या महिनोन्महिने, मनाने घेणाऱ्यांत विशेष), अपेंडिक्स फुटणं, आणि दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्यात फुटलेलं टायफॉइडचं आतडं. उभं राहून काढलेल्या एक्स-रेमध्ये श्वासपटलाखाली हवा दिसली की निदान होतं; नाही दिसली तरी छिद्र नाही असं म्हणता येत नाही, तेव्हा सीटी स्कॅन करतात. बहुतेकदा ऑपरेशन लागतं: छिद्र बंद करायचं, पोट धुवायचं, नळ्या ठेवायच्या. तास वाया जातील तसा धोका वाढतो. १०८ ला फोन करा, गावातल्या गावात सलाईन लावून रात्र काढू नका.

७. दवाखान्यात जाईपर्यंत दुखणं थांबवायचं इंजेक्शन घ्यावं का? पोट चोळलं तर?

'वेदनाशामक दिलं तर निदान चुकतं' ही जुनी समजूत आता मागे पडली आहे. रुग्णालयात तपासणी चालू असताना डॉक्टर दुखणं कमी करणारं औषध देतात आणि ते योग्यच आहे. गडबड होते ती घरी. इंजेक्शनने चार तास बरं वाटतं, घरचे निर्धास्त होतात, आणि दरम्यान पू पसरतो.

'बेंबी सरकली', 'वाटी सरकली' म्हणून पोट चोळून घेणं, एरंडेल पाजणं, एनिमा देणं हे सगळं टाळा. सुजलेलं अपेंडिक्स त्याने फुटू शकतं. तोंडाने पाण्याशिवाय काही देऊ नका. ऑपरेशनची शक्यता दिसत असेल तर पाणीही डॉक्टरांना विचारून. मेळघाटात पोट फुगलेल्या तान्ह्या बाळांना तापलेल्या विळ्याचे चटके देण्याची 'डंबा' नावाची प्रथा अजून पूर्ण गेलेली नाही. पोट फुगण्याचं कारण आत तसंच राहतं आणि वर भाजल्याची जखम होते. तान्ह्या बाळाचं पोट फुगलं आणि हिरवी उलटी झाली, तर आतड्याला पीळ पडल्याचं समजून धावावं.

८. आजोबांना फारसं दुखत नव्हतं, तरी पोटात पू निघाला. असं कसं?

प्रश्न ६ मधली लक्षणं तरुण, धडधाकट माणसाची आहेत. म्हातारपणात, मधुमेहात, स्टेरॉइड किंवा केमोथेरपी चालू असताना, मूत्रपिंड निकामी असताना पोट कडक होईलच असं नाही. खाणं सुटणं, बरळणं, पोट फुगणं, रक्तदाब उतरणं एवढंच दिसतं. बाळंतपणानंतरही पोटाचे स्नायू सैल असल्याने ताठरपणा कळत नाही. शिवाय अपेंडिक्स ओटीपोटात खाली लोंबत असेल तर दुखण्यापेक्षा लघवीची जळजळ आणि जुलाबच जास्त होतात. या मंडळींच्या बाबतीत सीटी स्कॅन लवकर केलेला बरा.

९. दुर्बिणीतून पित्ताशय काढलं, आणि खांदा का दुखतोय?

दुर्बिणीच्या ऑपरेशनसाठी पोटात कार्बन डायऑक्साइड भरतात, साधारण १२ ते १५ मिमी पाऱ्याच्या दाबाने. त्याने श्वासपटलाखालचं अस्तर ताणलं जातं. त्या भागाची नस मानेतल्या ज्या पातळीवरून निघते, त्याच पातळीवरून खांद्याच्या कातडीच्या नसाही निघतात, आणि मेंदूची गफलत होते. दोन-तीन दिवसांत दुखणं जातं.

ऑपरेशन झालेलं नसताना मात्र हेच लक्षण गंभीर आहे. पोटाला मार लागल्यावर डावा खांदा दुखला तर प्लीहा फाटल्याची शंका घ्यावी. गर्भधारणेच्या वयातल्या बाईला पोटदुखीबरोबर खांद्याच्या टोकाशी कळ आली, तर नळीतला गर्भ फुटल्याची.

१०. पोटात पाणी झालंय. म्हणजे लिव्हर गेलं का?

लिव्हर सिरोसिस हे जलोदराचं सगळ्यात मोठं कारण खरं, पण एकमेव नाही. टीबी, कॅन्सर, हृदय किंवा मूत्रपिंडाचे आजार, स्वादुपिंडाची सूज यांनीही पाणी होतं. म्हणून पहिल्यांदा पाणी झालं की सुईने थोडं काढून तपासणं हा नियम समजा. नुसत्या लघवीच्या गोळ्या सुरू करणं हा आळस.

रिपोर्टवर 'एसएएजी' दिसेल. रक्तातलं अल्ब्युमिन वजा पाण्यातलं अल्ब्युमिन, एवढाच त्याचा अर्थ. फरक १.१ किंवा जास्त असेल तर पोर्टल शिरेतला (आतड्यांकडून यकृताकडे रक्त नेणाऱ्या शिरेतला) दाब वाढलेला आहे, म्हणजे यकृत किंवा हृदयाकडे बघा. १.१ पेक्षा कमी असेल तर टीबी, कॅन्सर, स्वादुपिंड, किंवा मूत्रपिंडातून प्रथिनं जाणं. अपवाद: सिरोसिसच्या रुग्णाला टीबीही झाला तर फरक जास्तच राहू शकतो, आणि टीबी निसटतो.

हाताने तपासून पाणी कळायला ते साधारण दीड लिटर असावं लागतं. सोनोग्राफी १०० मिलिलीटरही पकडते.

११. पाणी काढलं की अशक्तपणा येतो आणि ते पुन्हा भरतं. मग काढायचं कशाला?

श्वास लागत असेल, पोट ताणलं असेल तर आराम मिळावा म्हणून. पाणी काढणं हा मूळ आजाराचा उपचार नाही, त्यामुळे ते पुन्हा भरणारच. सिरोसिसमध्ये एका वेळी पाच लिटरपेक्षा जास्त काढलं तर दर लिटरमागे ६ ते ८ ग्रॅम अल्ब्युमिन शिरेतून देतात, नाहीतर रक्तदाब आणि मूत्रपिंडं कोसळू शकतात. सुश्रुतसंहितेत बेंबीखाली डाव्या बाजूला छिद्र पाडून जलोदराचं पाणी काढायला सांगितलं आहे, आणि ते सगळं एकाच दिवशी काढू नये असंही बजावलं आहे. आजही सुई बहुधा डावीकडेच घालतात.

घरी करण्यासारखं काम मिठाचं. सिरोसिसमध्ये दिवसभराचं सगळं मिळून साधारण पाच ग्रॅम, म्हणजे एक सपाट चमचा. पापड, लोणचं, फरसाण, सुकट यांनी तो कोटा सकाळीच संपतो. सैंधव चालतं का? नाही. तेही सोडियमच. आणि सोडियम कमी असलेलं म्हणून विकलं जाणारं पोटॅशियमचं मीठ डॉक्टरांना न विचारता घेऊ नका.

१२. सिरोसिसच्या रुग्णाला थोडा ताप आलाय. घरीच पॅरासिटामॉल देऊ का?

थांबू नका. साठलेल्या पाण्यात कुठेही छिद्र नसताना आपोआप जंतू वाढतात. ताप नसतोही, कधी फक्त गुंगी, कधी लघवी कमी, कधी जुलाब. पाण्यात एका घनमिलिमीटरला २५० किंवा जास्त न्यूट्रोफिल पेशी (पांढऱ्या पेशींचा एक प्रकार) सापडल्या की कल्चरची (जंतू वाढवून पाहण्याच्या तपासणीची) वाट न पाहता अँटिबायोटिक सुरू करतात. इथे ऑपरेशनची गरज नसते, हा प्रश्न ६ मधल्या पेरिटोनायटिसहून मोठा फरक. पाण्यात अनेक प्रकारचे जंतू एकदम निघाले तर मात्र आतडं फुटलंय का हे पाहावं लागतं.

१३. बहिणीच्या पोटात पाणी, सीए-१२५ खूप वाढलंय. अंडाशयाचा कॅन्सरच ना?

असेल किंवा नसेल. हा प्रश्न भारतात तरी फार जपून सोडवावा लागतो. अंडाशयाच्या कॅन्सरच्या शंकेने रक्तात तपासला जाणारा सीए-१२५ हा पदार्थ पेरिटोनियमच्या पेशीही बनवतात; अस्तराला कशानेही सूज आली की तो वाढतो. पोटाच्या टीबीत तो शेकड्यांत जातो. टीबीतही पाणी होतं, वजन घटतं, ओमेंटम जाड होतं, सीटी स्कॅनवर चित्र अगदी कॅन्सरसारखं दिसतं. तरुण मुलीचं गर्भाशय-अंडाशय काढायला घेतलं आणि आत टीबीच्या मोहरीएवढ्या पांढऱ्या गाठी निघाल्या, असे प्रसंग शल्यचिकित्सकांना नवे नाहीत.

म्हणून तुकडा तपासल्याशिवाय मोठं ऑपरेशन किंवा केमो नाही, हा आग्रह धरा. दुर्बिणीतून किंवा सोनोग्राफीच्या मदतीने सुईने तुकडा घेता येतो. पाण्यातलं एडीए (एक एन्झाइम) वाढलेलं असेल तर टीबीकडे कल जातो. पोटातल्या पाण्यात टीबीचे जंतू फार कमी असतात, त्यामुळे जीनएक्सपर्ट (टीबीच्या जंतूंचं जनुकद्रव्य शोधणारी चाचणी) निगेटिव्ह आली म्हणून टीबी नाही असं ठरत नाही. पोटाच्या टीबीला साधारण सहा महिने औषधं लागतात. ती सरकारी केंद्रात मोफत मिळतात, आणि निक्षय पोषण योजनेतून उपचार चालू असेपर्यंत महिन्याला १,००० रुपये (नोव्हेंबर २०२४ आधी ५०० होते).

उलटा अपवादही आहे. दोन्ही अंडाशय काढलेल्या बाईलाही पेरिटोनियमचा, अंडाशयाच्या कॅन्सरसारखाच कॅन्सर क्वचित होतो. बीआरसीए जनुकात दोष असणाऱ्यांत ही शक्यता अधिक.

१४. 'पोट उघडलं, हवा लागली आणि कॅन्सर पसरला', हे खरं का?

नाही. हवेने कॅन्सर पसरत नाही. अस्तरावर पसरलेले तांदळाच्या कणीएवढे ठिपके स्कॅनमध्ये अनेकदा दिसत नाहीत. पोट उघडल्यावर दिसतात, आणि आजार तेव्हाच सुरू झाला असं घरच्यांना वाटतं. या समजुतीपायी ऑपरेशनने बरा होण्याजोगा कॅन्सर घेऊन लोक घरी बसतात.

यात खरा अंश इतकाच की गाठ फुटून तिच्या पेशी पोकळीत सांडू शकतात. म्हणून अंडाशयाची संशयास्पद गाठ सुईने टोचत नाहीत, अखंड काढतात.

१५. अस्तरावर कॅन्सर पसरलाय. गरम केमो, हायपेक, करावी का?

आधी दिसतील तेवढ्या सगळ्या गाठी काढायच्या, मग ४१ ते ४३ अंश सेल्सिअसचं केमोचं औषध पोटात तासभर फिरवायचं, अशी ही पद्धत. अपेंडिक्सच्या गाठीतून पोटभर जेलीसारखा पदार्थ साठतो त्या आजारात गाठी काढणं आणि हायपेक हा जगभर मान्य उपचार आहे. अंडाशयाच्या कॅन्सरच्या तिसऱ्या टप्प्यातल्या काही रुग्णांना फायदा दिसला आहे. मोठ्या आतड्याच्या कॅन्सरमध्ये मात्र फ्रान्समधल्या प्रॉडिज-७ या चाचणीत (२०२१) गाठी काढण्यावर हायपेकची भर घालून आयुष्य वाढलं नाही. ऑपरेशन मोठं, खर्च मोठा. 'सगळ्या गाठी निघतील का?' हे आधी विचारा. उत्तर नाही असेल तर बहुतेकदा ते न करणंच बरं.

१६. सिझेरियननंतर 'आतडी चिकटली' म्हणतात. पुन्हा ऑपरेशन करून सोडवावीत का?

अस्तराची जखम हप्त्याभरात नव्या पेशींनी झाकली जाते, मोठी असो की छोटी. पण तिथे रक्त, संसर्ग किंवा धागे राहिले तर मधेच चिकट पट्टे तयार होतात. पोटाच्या उघड्या ऑपरेशननंतर ते बहुतेकांना होतात आणि बहुतेकांना कधी कळतही नाहीत. हातमोज्यांवरची पावडरही एक कारण. अमेरिकेने २०१७ पासून पावडरचे मोजे बंद केले ते काही अंशी याचमुळे.

पोट फुगलं, उलट्या होताहेत, गॅस सुटत नाही, तर आतडं अडकलंय. तरीही नाकातून नळी आणि सलाईनवर पुष्कळ जण दोन-तीन दिवसांत सुटतात. आतड्याचा रक्तपुरवठा धोक्यात दिसला तर लगेच ऑपरेशन. केवळ जुनाट, मोघम दुखण्यासाठी पट्टे कापून फार हाती लागत नाही, कारण नवं ऑपरेशन नवे पट्टे तयार करतं.

१७. हर्नियाचा या अस्तराशी काय संबंध?

हर्नियाची पिशवी म्हणजे भिंतीच्या फटीतून बाहेर आलेलं पेरिटोनियमच. मुलग्यांत वृषण पोटातून खाली उतरताना अस्तराची एक नळी सोबत येते. ती जन्माच्या सुमारास बंद व्हावी. नाही झाली तर हर्निया किंवा हायड्रोसील (अंडकोषात पाणी साठणं).

१८. किडनीसाठी पोटाचं डायलिसिस सुचवलंय. पिशवी पांढरट आली तर?

पेरिटोनियमचा गाळणी म्हणून केलेला हा वापर. साधारण दोन लिटरचा साखरयुक्त द्रव नळीने पोटात सोडायचा, काही तास ठेवायचा, काढून नवा भरायचा, दिवसातून बहुधा चार वेळा. तालुक्याच्या गावी आठवड्यातून तीनदा जाणं ज्यांना जमत नाही त्यांना घरीच होणारा हा मार्ग सोयीचा पडतो; साबणाने हात धुणं आणि दारं-खिडक्या बंद करून, पंखा थांबवून पिशवी बदलणं एवढी शिस्त मात्र रोज पाळावी लागते. डायलिसिस सुरू झाल्यावर जांघेत किंवा अंडकोषात सूज आली, तर प्रश्न १७ मधली नळी उघडी राहिलेली असू शकते.

बाहेर आलेला द्रव गढूळ दिसला की पेरिटोनायटिस समजा, दुखो वा न दुखो, आणि ती पिशवी न फेकता घेऊन रुग्णालयात जा. द्रवात एका घनमिलिमीटरला १०० पेक्षा जास्त पांढऱ्या पेशी आणि त्यात निम्म्याहून अधिक न्यूट्रोफिल असतील तर अँटिबायोटिक डायलिसिसच्या नव्या द्रवात मिसळूनच देतात. पेशी वाढलेल्या नसतानाही द्रव दुधाळ येतो तो लसीकेतल्या चरबीमुळे, आणि रक्तदाबाच्या काही गोळ्यांनी, कॅल्शियम चॅनेल ब्लॉकर गटातल्या. तेव्हा पिशवीबरोबर रोजच्या गोळ्यांची पाकिटंही न्या.